देवाच्या नावानं मत आणि पंचेचाळीस दिवस

(महिला संघटनांच्या कार्यकर्त्यांसाठी घेतलेल्या निवडणूक-कायदा शिबिरातील भाषणाचा मजकूर)



या सत्राचा विषय पत्रिकेवर ‘धर्माच्या नावानं मतं आणि निवडणूक याचिका’ असा छापला आहे. तो वाचून काही जणींनी मला विचारलं, की हे तर वकिलांचं आणि पक्षांचं काम, यात आपला काय संबंध? संबंध दोन बाजूंनी आहे. पहिली बाजू अशी, की विधानसभेची किंवा लोकसभेची निवडणूक रद्द करा असा अर्ज उच्च न्यायालयात करण्याचा हक्क फक्त हरलेल्या उमेदवाराला नाही. त्या मतदारसंघातल्या कुठल्याही मतदाराला तो आहे. म्हणजे आपल्या गटातल्या, धुणंभांडी करणाऱ्या बाईलाही आहे. दुसरी बाजू अशी, की धर्माच्या नावानं मत मागायची वेळ आली की सगळ्यांत आधी बाईला पुढं केलं जातं. ‘आमच्या आयाबहिणी’, ‘आमच्या मुली’, ‘आमचा शरियत’, ‘आमची संस्कृती’. भाषण पुरुषाचं असतं, पण त्यातला माल म्हणजे आपण असतो.

मी वकील नाही. समाजकार्याचं शिक्षण घेऊन वस्त्यांमध्ये काम करणारी बाई आहे. या विषयावरचे निकाल मी वाचले ते कामाची गरज म्हणून. तेव्हा कायद्याची भाषा सोडून, आपल्याला उपयोगी पडेल तेवढं सांगते.

कायदा काय म्हणतो

१९५१ चा लोकप्रतिनिधित्व कायदा आहे. त्याचं कलम १२३ म्हणजे निवडणुकीतल्या भ्रष्ट आचरणाची यादी. लाच, दडपण, खोटी बदनामी, आणि त्यातच उपकलम ३ : धर्म, वंश, जात, समाज किंवा भाषा यांच्या आधारावर मत द्या अथवा देऊ नका असं आवाहन करणं, किंवा धार्मिक चिन्हांचा वापर करणं. सुरुवातीला कायद्यात ‘पद्धतशीर’ आवाहन असा शब्द होता. पुढं तो गेला. १९६१ च्या दुरुस्तीनंतर एकच भाषण, एकच पत्रक सिद्ध झालं तरी निवडणूक रद्द होऊ शकते, अशी स्थिती आली. त्याच दुरुस्तीनं ३(अ) हे उपकलम आलं : मतांसाठी नागरिकांच्या गटागटांत वैर किंवा द्वेष पसरवणं.

यात एक अट पक्की लक्षात ठेवा. आवाहन उमेदवारानं, त्याच्या प्रतिनिधीनं, किंवा त्यांच्या संमतीनं दुसऱ्या कुणी केलेलं असलं पाहिजे. संमती सिद्ध झाली नाही, तर कितीही विषारी भाषण असो, निवडणूक रद्द होत नाही. शिवाय कायद्याच्या लेखी माणूस ‘उमेदवार’ होतो तो अर्ज भरल्यापासून. त्याआधी सहा महिने चाललेली यात्रा, आरत्या, मेळावे या कलमात येत नाहीत. हे सगळ्या पक्षांना ठाऊक आहे. आपल्यालाही ठाऊक असावं.

मुंबईतले खटले

या कलमावरचे अनेक महत्त्वाचे निकाल आपल्या मुंबईतल्या निवडणुकांवरून लागलेले आहेत. दोन-तीन सांगते.

पहिला कुंभारवाड्याचा. १९७२ च्या विधानसभा निवडणुकीत तिथून मुस्लिम लीगचे झियाउद्दीन बुखारी निवडून आले. काँग्रेसचे उमेदवार शौकत छागला हेही मुसलमानच. पण हा खरा मुसलमान नाही, याला मत देणं धर्माविरुद्ध आहे, असा बुखारींच्या भाषणांचा सूर होता. मुस्लिम व्यक्तिगत कायद्याचा प्रश्नही त्या प्रचारात ओढलेला होता. पोलिसांनी भाषणं ध्वनिफितीवर घेतली होती आणि न्यायालयानं ती पुरावा म्हणून मानली. उच्च न्यायालयानं निवडणूक रद्द केली आणि १९७५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ते कायम केलं. 

आता याच्या सहा वर्षं आधीचं आठवा. १८ एप्रिल १९६६ रोजी याच मुंबईत हमीद दलवाईंच्या पुढाकारानं सात मुस्लिम स्त्रिया तोंडी तलाकाविरुद्ध विधानभवनावर मोर्चा घेऊन गेल्या होत्या. त्या बायकांनी मांडलेला प्रश्न नांदण्याचा होता, पोटगीचा होता, सवतीचा होता. निवडणुकीच्या व्यासपीठावर त्याच विषयाचं काय झालं? कोण खरा मुसलमान आणि कोण खोटा, हे मोजायचं माप. बाईचं दुःख बाजूला राहिलं आणि तिचा कायदा पुरुषांच्या अस्मितेचा झेंडा झाला. समान नागरी कायद्याची घोषणा आज ज्या व्यासपीठांवरून होते, तिथंही पुष्कळदा हेच होतं. तिथं तर त्या बाईवर प्रेम असल्याचा आवही आणला जातो.

दुसरा खटला पार्ल्याचा. डिसेंबर १९८७ मध्ये विलेपार्ले मतदारसंघात पोटनिवडणूक झाली. शिवसेनेच्या पाठिंब्यानं उभे असलेले डॉ. रमेश प्रभू निवडून आले, काँग्रेसचे प्रभाकर कुंटे हरले. कुंट्यांनी याचिका केली. शिवसेनाप्रमुख बाळ ठाकरे यांनी प्रचारात केलेल्या भाषणांवर, हिंदू म्हणून मतं मागितल्यावर आणि मुसलमानांविषयी वापरलेल्या भाषेवर आक्षेप होता. एप्रिल १९८९ मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं निवडणूक रद्द ठरवली. अपील सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि ११ डिसेंबर १९९५ ला फेटाळलं गेलं. पुढं १९९९ मध्ये निवडणूक आयोगाच्या सल्ल्यावरून ठाकऱ्यांचा मताधिकार सहा वर्षांसाठी काढून घेण्यात आला. उमेदवार नसलेल्या, स्वतः कधी निवडणूक न लढवलेल्या नेत्यापर्यंत कायद्याचा हात पोचला, ही लहान गोष्ट नाही.

पण त्याच दिवशी, त्याच न्यायमूर्तींनी दुसराही निकाल दिला. १९९० मध्ये दादरहून निवडून आलेले मनोहर जोशी ‘पहिलं हिंदू राज्य महाराष्ट्रात स्थापन होईल’ अशा अर्थाचं बोलले होते. उच्च न्यायालयानं त्यांची निवडणूक रद्द केली होती. सर्वोच्च न्यायालयानं तो निर्णय फिरवला. असं विधान कितीही निंद्य असलं, तरी ती एक आशा व्यक्त करणं आहे, धर्माच्या आधारावर मत मागणं नव्हे, असं न्यायालय म्हणालं. निकाल लागला तेव्हा जोशी महाराष्ट्राचे मुख्यमंत्री होते. शिवाय ‘हिंदुत्व’ हा शब्द नुसता उच्चारला म्हणजे धर्माचं आवाहन होत नाही, तो जीवनपद्धती या अर्थानंही वापरला जातो, कोणत्या संदर्भात वापरला ते पाहायचं, असंही न्यायालयानं म्हटलं.

‘संदर्भ पाहायचा’ हे वाक्य प्रचारात लवकरच गळून पडलं. ‘हिंदुत्व म्हणजे जीवनपद्धती, खुद्द सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं’ एवढंच उरलं. ज्या निकालानं प्रभूंची निवडणूक रद्द राहिली, तोच निकाल प्रचाराचं प्रमाणपत्र म्हणून वापरला गेला. म्हणून निकाल मुळातून वाचायची सवय लावा. वर्तमानपत्राच्या मथळ्यावर विसंबू नका.

तिसरा खटला सांताक्रूझचा. १९९० मध्ये निवडून आलेले भाजपचे अभिराम सिंग यांच्याविरुद्ध याचिका झाली. प्रश्न एका शब्दाचा होता. कायद्यात ‘त्याच्या’ धर्माच्या आधारावर असं लिहिलं आहे. हा ‘त्याच्या’ म्हणजे कुणाच्या? फक्त उमेदवाराच्या, की मतदाराच्याही? या शब्दाचा निर्णय सात न्यायमूर्तींनी २ जानेवारी २०१७ ला दिला. निवडणूक १९९० ची. त्या निवडणुकीच्या वर्षी जन्मलेली मुलगी तोवर सव्वीस वर्षांची झाली होती आणि तिनं स्वतः दोन-तीनदा मतदान केलेलं असणार.

चार विरुद्ध तीन

२०१७ चा निकाल चार विरुद्ध तीन असा लागला. बहुमतानं सांगितलं, की ‘त्याच्या’ या शब्दात उमेदवार, त्याचा प्रतिनिधी, भाषण करणारा आणि मतदार असे सगळे येतात. म्हणजे ‘मी अमुक धर्माचा, म्हणून मत द्या’ हे जसं चालणार नाही, तसं ‘तुम्ही अमुक धर्माचे, म्हणून याला मत द्या’ हेही चालणार नाही. अल्पमतातल्या तीन न्यायमूर्तींच्या वतीनं न्या. धनंजय चंद्रचूड यांनी लिहिलं, की ज्या समाजगटांवर धर्म, जात, भाषा यांमुळं अन्याय झाला त्यांना त्या अन्यायाबद्दल निवडणुकीत बोलता आलंच पाहिजे, कलमाचा अर्थ इतका ताणू नये. 

या दोन्ही मतांमध्ये महाराष्ट्रातले न्यायमूर्ती होते. प्रश्न सोपा नाही, आणि आपल्या चळवळीला तर अजिबात सोपा नाही.

समजा, एखादी दलित बाई उभी आहे आणि म्हणते, ‘आमच्या बायकांना विहिरीवर जातीवरून हाकललं जातं, मी ते थांबवीन, मला मत द्या.’ हे जातीचं आवाहन झालं का? एखादी मुस्लिम उमेदवार म्हणते, ‘तलाकशुदा बाईला हक्काची पोटगी मिळावी म्हणून मी भांडीन.’ हे धर्माचं आवाहन झालं का? माझ्या मते नाही. पहिलीनं अन्यायावर बोट ठेवलं, दुसरीनं हक्क मागितला. पण ‘आपल्या जातीची पोर आहे, तिलाच मत’ असं म्हटलं, की ते कलमात आलं. रेघ इथं आहे : अन्यायाविषयी बोलून मत मागणं वेगळं, आणि रक्ताचं किंवा देवाचं नातं सांगून मत मागणं वेगळं.

ही रेघ कोर्टात दर वेळी इतकी स्पष्ट राहील याची खात्री मला वाटत नाही. बहुमताच्या निकालाचा आधार घेऊन उद्या एखादा धनदांडगा उमेदवार विहिरीचा प्रश्न मांडणाऱ्या बाईलाच कोर्टात खेचू शकतो. तरीही बहुमताचा निकाल मला जवळचा वाटतो, कारण वस्तीत मी जे ऐकते त्यात ‘मी अमुक’ फारसं नसतंच. ‘तुम्ही अमुक आहात, विसरू नका’ हेच असतं. ते कायद्याच्या बाहेर सोडलं असतं तर कलमात काही उरलंच नसतं. मात्र आपली उमेदवार उभी असेल तेव्हा तिच्या पत्रकातला शब्द न् शब्द तपासून घ्या.

बाई कुठं सापडते

आता आपल्या रोजच्या कामाकडे येते. निवडणुकीच्या दिवसांत वस्तीत काय चालतं ते तुम्ही माझ्याइतकंच पाहता. संक्रांत जवळ असो नसो, हळदीकुंकू होतं. वाण म्हणून डबा, साडी, पातेलं. विधवेला हळदीकुंकवाला बोलावत नाहीत, पण तिचं मत त्यांना चालतं, म्हणून साडी मात्र घरी पोचते. देवदर्शनाच्या बसगाड्या सुटतात. कुठं बेलभंडारा उचलून घेतात, कुठं नारळावर हात ठेवायला लावतात, कुठं पोराबाळांची शपथ घालतात.

साडी आणि पातेलं कलम १२३ च्या उपकलम १ मध्ये, लाच म्हणून येतं. पण शपथेचं काय? तेही कायद्यात आहे, हे पुष्कळ जणींना ठाऊक नसतं. उपकलम २ गैरवाजवी दडपणाचं आहे. मत न दिल्यास देवाचा कोप होईल असं मतदाराला भासवणं, किंवा जातीबाहेर टाकू, वाळीत टाकू अशी धमकी देणं, हे दोन्ही त्यात स्पष्ट लिहिलं आहे. वाळीत टाकण्याविरुद्ध तर महाराष्ट्रात २०१६ चा स्वतंत्र कायदा आहे.

मत गुप्त असतं हे बायकांना माहीत असतं. यंत्रावर कुठलं बटण दाबलं ते नवऱ्याला कळत नाही, नगरसेवकाला कळत नाही. पण देवाला कळतं, अशी त्यांची श्रद्धा असते. नेमकं तिथंच बोट ठेवून ही शपथ घेतली जाते. आपण बैठकीत बायकांना हे सांगायला हवं, की जबरदस्तीनं घेतलेली शपथ पाळली नाही म्हणून कुठला देव कोपत नाही, आणि ती घ्यायला लावणाराच कायद्यानं दोषी आहे. श्रद्धेची टिंगल न करता हे सांगता येतं. टिंगल केली तर ती बाई पुन्हा बैठकीला येणार नाही.

आणखी एक उपकलम आहे, ३(ब). ते स्त्री चळवळीनं मिळवलेलं आहे, म्हणून मुद्दाम सांगते. सप्टेंबर १९८७ मध्ये राजस्थानातल्या देवराला गावी अठरा वर्षांची रूपकंवर नवऱ्याच्या चितेवर जळून गेली. देशभर स्त्री संघटना रस्त्यावर उतरल्या. त्यातून सतीप्रतिबंधक कायदा झाला आणि त्याच कायद्यानं लोकप्रतिनिधित्व कायद्यात भर घातली : सतीचा प्रचार किंवा उदात्तीकरण करून निवडणुकीत फायदा उठवणं हेही भ्रष्ट आचरण. पार्ल्याची पोटनिवडणूक त्याच हिवाळ्यातली. इकडं धर्माच्या नावानं मतं मागितली जात होती, तिकडं धर्माच्या नावानं जाळलेल्या बाईचं मंदिर बांधायची भाषा चालू होती, आणि आपल्या आधीच्या पिढीच्या बायका दोन्हींच्या विरोधात उभ्या होत्या.

मात्र एक उणीव बघा. उपकलम ३ च्या यादीत धर्म आहे, वंश आहे, जात, समाज, भाषा आहे. लिंग नाही. ‘बाईला काय कळतं, हिला मत देऊ नका’ असं भर सभेत म्हटलं, तर या कलमात ते बसत नाही. चारित्र्यावर खोटा आरोप केला तरच बदनामीचं उपकलम लागू होतं. ही मागणी आपल्या कार्यक्रमपत्रिकेवर असायला हवी.

आपण काय करायचं

याचिकेची मुदत निकालापासून पंचेचाळीस दिवस. सेहेचाळिसाव्या दिवशी कितीही मजबूत पुरावा आणला तरी उपयोग नाही. अनामत दोन हजार रुपये, पण वकिलाचा आणि वेळेचा खर्च त्याच्या कितीतरी पट. भ्रष्ट आचरणाचा आरोप असेल तर ठराविक नमुन्यातलं प्रतिज्ञापत्र लागतं. पुरावा फौजदारी खटल्यासारखा, संशयाला जागा न ठेवणारा हवा. कोण बोललं, कुठं, कोणत्या तारखेला, किती वाजता, काय शब्दांत, उमेदवार हजर होता की नाही, हे सगळं. 

म्हणून तयारी निकालानंतर नाही, अर्ज भरण्याच्या दिवसापासून करायची. प्रत्येक वस्तीत दोघी जणींनी एक वही ठेवावी. सभा झाली की त्याच रात्री नोंद करावी, ऐकलेले शब्द जसेच्या तसे, आपला राग त्यात न मिसळता. पत्रक मिळालं तर त्यावर मुद्रकाचं नाव आणि पत्ता आहे का पाहावं, मिळाल्याची तारीख मागं लिहावी. मोबाईलवर चित्रीकरण केलं असेल तर ते पुढं पाठवून मूळ पुसून टाकू नका. जालन्याच्या निवडणूक याचिकेत, खोतकर विरुद्ध गोरंट्याल, २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, की इलेक्ट्रॉनिक पुराव्याची प्रत दाखल करायची तर सोबत कायद्यानं सांगितलेलं प्रमाणपत्र हवं. मूळ मोबाईल कोर्टात हजर करता आला तर गोष्ट वेगळी. नव्या साक्ष अधिनियमातही ही अट आहे. दहा गटांतून फिरून आलेल्या चित्रफितीचं प्रमाणपत्र कोण देणार?

सगळ्याच गोष्टींसाठी याचिका लागत नाही. आचारसंहिता चालू असताना आयोगाकडे तक्रार करता येते, ‘सी-व्हिजिल’ या अ‍ॅपवर करता येते. एप्रिल २०१९ मध्ये आयोगानं योगी आदित्यनाथांना बहात्तर तास आणि मायावतींना अठ्ठेचाळीस तास प्रचाराला बंदी केली होती, ती अशाच वक्तव्यांसाठी. द्वेष पसरवण्याबद्दल फौजदारी तक्रारही होते. महापालिका, पंचायत यांचे कायदे निराळे, तिथं मुदत याहूनही कमी. आणि तिथं महाराष्ट्रात निम्म्या जागा बायकांच्या आहेत, म्हणजे उमेदवारही आपल्यातल्याच. त्यांच्याकडूनही हळदीकुंकवाचं वाण घ्यायचं नाही, हे अवघड पण करायला हवं.

शेवटचं सांगते. याचिका सहा महिन्यांत निकाली काढण्याचा प्रयत्न व्हावा असं कायदाच म्हणतो. पार्ल्याचा अंतिम निकाल आठ वर्षांनी आला, सांताक्रूझचा सव्वीस वर्षांनी. तोवर त्या विधानसभेची मुदत केव्हाच संपली होती. मग हा खटाटोप कशाला? एक म्हणजे, नोंद राहते. कुंभारवाड्यात आणि पार्ल्यात काय बोललं गेलं ते आज आपल्याला कळतं, ते कुणीतरी लिहून घेतलं आणि कोर्टात सिद्ध केलं म्हणून. दुसरं म्हणजे, वही घेऊन बसलेल्या दोन बायका सभेत पहिल्या रांगेत दिसल्या, की वक्त्याची जीभ थोडी तरी सांभाळून चालते. हे मी पाहिलेलं आहे.

आता जेवणाआधी अर्धा तास आहे. प्रत्येक जिल्ह्यातल्या मैत्रिणींनी एकत्र बसून आपल्या भागात मागच्या निवडणुकीत ऐकलेली तीन वाक्यं लिहून काढा : कोण म्हणालं, कुठं, कधी. मग आपण मिळून ठरवू, त्यातलं कुठलं वाक्य कलमात बसतं, कुठलं बसत नाही आणि का.